सुवालीची ओहोटी, दांडीचं मीठ आणि नातवाचा प्रश्न



मागच्या आठवड्यात ग्रुपवर समुद्राचे फोटो टाकले तेव्हा दोघा-तिघांनी विचारलं, "काकू, चाळीस वर्षं सुरतेत काढली आणि आता सुरतेचीच सहल?" हो, सुरतेचीच. एका दिवसाची, बारा माणसांची, बरोबर एक माहीतगार गुजराती सर. का गेलो आणि काय घेऊन आलो, ते सविस्तर लिहिते. लांब झालंय, चहा घेऊन बसा.

सुरुवात झाली ती भांडणाने. माझा नातू सहावीत आहे. दिवाळीच्या सुट्टीनंतर एक दिवस घरी आला तो शर्टाचं बटण तुटलेलं घेऊनच. वर्गातल्या मित्राने म्हटलं होतं, "तमारा राजाए अमारुं सुरत लूटेलुं." यावर आमच्या चिरंजीवांनी हातानेच उत्तर दिलं. संध्याकाळी दोघं परत एकत्र क्रिकेट खेळले, तो भाग वेगळा. पण रात्री जेवताना त्याने विचारलं, "आजी, आपण इथे लुटायला आलो होतो का?"

त्याचे आजोबा म्हणाले, "लूट नव्हे, स्वारी म्हणायचं." त्याचा बाबा म्हणाला, "असल्या विषयात पडू नकोस, अभ्यास कर." मी गप्प बसले. कारण मला जे येत होतं ते चौथीच्या पुस्तकातलं. अमळनेरच्या शाळेत बाई तो धडा शिकवायच्या, महाराजांनी सुरतेची बेसुरत केली म्हणायच्या, आणि आम्ही मुली आनंदाने टाळ्या वाजवायचो. सुरतेत कोण राहतं, त्यांचं काय झालं, हे एकीच्याही मनात आलं नाही. पुढे लग्न होऊन मी नेमकी त्याच गावात आले!

आमचं सासर मूळचं धरणगावचं, जळगाव जिल्ह्यातलं. सासरे १९५० च्या आसपास भुसावळ-सुरत पॅसेंजरने एक ट्रंक आणि एक वळकटी घेऊन आले आणि मागावर कामाला लागले. तेव्हा जळगाव आणि सुरत दोन्ही मुंबई राज्यातच होते. त्यामुळे ते 'परराज्यात' कधी आलेच नाहीत. १ मे १९६० ला सीमारेषा पडली आणि ते बसल्या जागी गुजरातचे झाले. तुमच्यापैकी कितीतरी घरांची हीच कथा असणार.

तर ही सहल. आमच्या सोसायटीतल्या एका ताईंना कुणीतरी या सरांचं नाव सांगितलं. निवृत्त शिक्षक, पक्के सुरती. बारापेक्षा जास्त माणसं नेत नाहीत, कारण तेराव्याला ऐकू जात नाही म्हणतात. तारीख ते ठरवत नाहीत, भरती-ओहोटीचं वेळापत्रक ठरवतं. आमची ठरली पौष पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी, रविवारी. सकाळी सुवालीला ओहोटी, दुपारी डुमसला भरती आणि संध्याकाळी दांडीला पुन्हा उतरतं पाणी, असा हिशोब. आम्ही घरचे तिघे, खालच्या मजल्यावरच्या आक्का, ताई आणि त्यांचे मिस्टर, एक ओडिया जोडपं, त्यांची मुलगी आणि बाकी गुजराती मंडळी. आक्का पंचाहत्तरीच्या. त्या अजूनही अहिराणीच बोलतात आणि समुद्र त्यांनी सिनेमातच पाहिलेला.

सकाळी साडेसहाला चौक बाजारच्या किल्ल्यापाशी जमलो. सरांनी आत नेलं नाही, बाहेरूनच दाखवला. गुजरातच्या सुलतानाच्या हुकमाने १५४० च्या दशकात खुदावंद खानाने बांधलेला हा किल्ला. बांधण्याचं कारण पोर्तुगीज. ते समुद्रातून येऊन वारंवार सुरत जाळून जायचे. सर म्हणाले, "लक्षात ठेवा, या शहराला पहिली भीती समुद्राकडून होती. तोफा नदीकडे तोंड करून होत्या. जमिनीच्या बाजूला कितीतरी वर्षं धड तटबंदीही नव्हती, मातीची भिंत होती." नातवाने माझ्याकडे पाहिलं. विषय येणार हे दोघांनाही कळलं.

हजिऱ्याच्या रस्त्याने सुवालीला पोचलो तेव्हा आठ वाजले होते. डावी-उजवीकडे कारखान्यांच्या चिमण्या, टाक्या, धक्क्याकडे जाणाऱ्या ट्रकांची रांग. घोघ्याला जाणारी मोठी फेरी बोटही याच हजिऱ्याहून सुटते, २०२० पासून. अशा रस्त्याच्या शेवटी निसर्गरम्य किनारा असेल असं वाटत नाही. आणि खरं सांगायचं तर गोव्यासारखा तो नाहीच. काळपट वाळू, पुढे चकाकणारा गाळ, आणि पाणी? पाणी कुठेच नाही. आक्का कपाळावर हात धरून बघत राहिल्या आणि म्हणाल्या, "समुद्र कथा गया?"

सगळे हसले, पण सर हसले नाहीत. म्हणाले, "आजींनी बरोबर विचारलं. या प्रश्नातच सुरतेचा अर्धा इतिहास आहे."

मग त्यांनी काठीने वाळूत नकाशा काढला. खंभातचं आखात वर जाताना निमुळतं होत जातं. त्यामुळे भरतीचं पाणी फुगतं आणि ओहोटीला तितकंच लांब मागे जातं. तापीच्या मुखाशी गाळाचा उंचवटा साचलेला, त्यामुळे मोठं जहाज शहरापर्यंत जाऊच शकत नाही. पण सुवालीसमोर समुद्रात वाळूचा एक लांब दांडा होता, ओहोटीला उघडा पडणारा. तो दांडा आणि किनारा यांच्यामध्ये खोल पाण्याची पट्टी. बाहेर कितीही लाटा असोत, आत जहाजं निवांत नांगरून उभी. इंग्रजांनी तिला 'स्वाली होल' नाव दिलं होतं. जहाजं इथे, बाजार तिकडे वीस-पंचवीस किलोमीटरवर. मधला प्रवास लहान होड्यांचा आणि बैलगाड्यांचा.

याच पाण्यात १६१२ च्या नोव्हेंबरात टॉमस बेस्ट नावाच्या इंग्रज कप्तानाने पोर्तुगीजांच्या मोठ्या गलबतांशी झुंज दिली आणि टिकून राहिला. मोगल अधिकाऱ्यांनी ते पाहिलं. पोर्तुगीजांना कुणीतरी तोलामोलाचा मिळाला म्हणून त्यांना बरंच वाटलं. त्यानंतर इंग्रजांना सुरतेत वखारीची परवानगी मिळाली. १६१५ मध्ये सर टॉमस रो जहांगीराच्या दरबारात जायला इथेच उतरला. सर म्हणाले, "पुढची दीडशे-दोनशे वर्षं डोळ्यांसमोर आणा आणि मग या गाळाकडे बघा." मी बघितलं. दोन बगळे आणि एक उलटी पडलेली होडी.

एवढ्यात सर एकदम ओरडले. माझा नातू आणि ओडिया जोडप्याची मुलगी खेकड्यांच्या मागे बरेच आत गेले होते. आम्हाला वाटलं, पाणी तर किलोमीटरभर लांब आहे, एवढं काय! पण सरांचा चेहरा बदलला होता. मुलं परत आली ती घोट्यापर्यंत गाळ घेऊन, एक चप्पल तिकडेच. सरांनी शांतपणे समजावलं, "इथे पाणी समोरून येताना दिसत नाही. ते आधी मागच्या खळग्यांतून, ओढ्यांतून भरतं. तुम्ही समोर बघत उभे असता आणि परतीची वाट पाठीमागे बुडालेली असते. याच किनाऱ्यावर जीव गेलेत." माझ्या पोटात गोळा आला. पोराचा हात पुढचा तासभर मी सोडला नाही. कुणीही सुवालीला जाणार असाल तर ओहोटीला आत चालत जाऊ नका, हे या पोस्टमधलं सगळ्यात कामाचं वाक्य समजा.

गाडीकडे परतताना नातवाने विचारलंच. गुजरातीत विचारलं, म्हणजे सगळ्यांना कळलं. "सर, शिवाजी महाराजांनी सुरत लुटलं ते खरं का?"

गाडीत शांतता पसरली. आमचे हे खिडकीबाहेर बघायला लागले. गुजराती मंडळींपैकी एक आजोबा गालात हसले. सर म्हणाले, "बेस. जे नक्की माहीत आहे तेवढंच सांगतो. मग तू ठरव."

त्यांनी सांगितलं ते असं. १६६० पासून तीन वर्षं शाहिस्तेखानाची फौज पुणे प्रांतात ठाण मांडून होती. गावं उजाड झाली, शेती बुडाली. १६६३ मध्ये महाराजांनी लाल महालात शिरून त्याला पळवला, पण तिजोरी रिकामी होती. औरंगजेबाच्या राज्याचं सगळ्यात श्रीमंत बंदर सुरत. जानेवारी १६६४ मध्ये महाराज साधारण चार हजार घोडेस्वारांनिशी गणदेवीवरून वर आले आणि ६ तारखेला उधन्याला पोचले. उधना ऐकताच गाडीतले आम्ही मराठी सगळे एकमेकांकडे बघायला लागलो. आपली निम्मी मंडळी उधना-लिंबायतला राहतात! तिथून बुऱ्हाणपूर दरवाजाबाहेरच्या बागेत तळ पडला. सुभेदार इनायतखान आणि बडे व्यापारी यांनी भेटायला यावं, खंडणी ठरवावी, असा निरोप आधीच गेला होता. कुणी आलं नाही. इनायतखान आपल्या माणसांसह किल्ल्यात जाऊन बसला. शहर उघडं राहिलं.

चार दिवस लूट चालली. विरजी व्होरा आणि हाजी जाहिद बेग हे त्या काळचे मोठे धनिक, त्यांची घरं खणली गेली. आगी लागल्या, शहराचा मोठा भाग जळाला. खानाने वाटाघाटीच्या मिषाने एक माणूस पाठवला, त्याने महाराजांवरच खंजीर उपसला. पहारेकऱ्याने त्याचा हात तोडला. त्यानंतर कैद्यांपैकी काहींना मृत्युदंड आणि हात तोडण्याच्या शिक्षा झाल्या, हे इंग्रजांच्या पत्रांत आहे. त्याच पत्रांत हेही आहे की आपण औरंगजेबाचा सूड घ्यायला आलो, इंग्रजांशी वैर नाही, असं महाराजांकडून सांगण्यात आलं. आणि फ्रेंच प्रवासी बर्निये लिहितो की कॅपुचिन पाद्र्यांच्या मठाला धक्का लागला नाही, डचांच्या एका दिवंगत दलालाचं घरही, तो दानशूर होता म्हणून, सोडून दिलं. १० जानेवारीला, मोगल फौज येतेय कळल्यावर, मराठे निघून गेले.

"यातलं बरंचसं आपल्याला कळतं ते कशामुळे?" सरांनी मागे वळून विचारलं. "या रस्त्यामुळे. अँथनी स्मिथ नावाचा एक इंग्रज सुवालीहून सुरतेकडे येत होता, तो वाटेतच पकडला गेला. काही दिवस महाराजांच्या छावणीत होता. त्याने जे डोळ्यांनी पाहिलं ते सुटल्यावर सांगितलं. आणि इंग्रजांची वखार वाचली कारण जॉर्ज ऑक्झेंडनने याच सुवालीच्या जहाजांवरून खलाशी बोलावून घेतले." १६७० च्या ऑक्टोबरात दुसरी स्वारी झाली तेव्हाही इंग्रजांनी आधीच बराच माल सुवालीला हलवला होता. त्या ऑक्झेंडनची घुमटवाली भली मोठी कबर कतारगाम दरवाजाजवळ आहे, आपण रोज रिक्षाने शेजारून जातो.

नातू म्हणाला, "म्हणजे लुटलं."

सर म्हणाले, "हो, लुटलं. तुमच्या महाराजांकडे कारण होतं. आणि ज्याचं घर जळालं त्या सुरती माणसाने शाहिस्तेखानाला पाठवलं नव्हतं. दोन्ही खरं आहे."

आमच्या ह्यांना ते आवडलं नाही, हे मला मानेवरूनच कळलं. "पोर्तुगीजांनी जाळलं, त्याचं कुणी नाव घेत नाही," ते म्हणाले. सरांनी लगेच मान्य केलं. म्हणाले, "बरोबर बोललात. १६९५ मध्ये हज करून सुरतेला परत येणारं औरंगजेबाचं 'गंज-ए-सवाई' जहाज इंग्रज चाच्याने लुटलं, त्यातल्या बायकांचे जे हाल झाले ते सांगवत नाहीत. या किनाऱ्यावर लुटणारे पुष्कळ होऊन गेले. पण मुलाने एकाबद्दल विचारलं, म्हणून एकाबद्दल सांगितलं."

वाटेत राजगरीजवळ एक घुमटी दाखवली. टॉमस कोरियट या इंग्रज प्रवाशाची कबर म्हणून ती ओळखली जाते. हा गृहस्थ तुर्कस्तानातून इराणमार्गे चालत अजमेरपर्यंत आला आणि १६१७ मध्ये सुरतेत वारला. आक्का म्हणाल्या, एवढं चालला तर पंढरपूरला तरी जायचं होतं.

दुपारी पूल ओलांडून डुमसला आलो. इथे चित्र उलटं. भरती ऐन भरात, पाणी पार दगडी बांधाला थडकत होतं. सकाळी ज्याला शोधत होतो तो समुद्र हाच का, असं वाटावं. टोमॅटोची भजी खाल्ली. सरांनी घरून पोंक आणला होता, लिंबू-मिरीच्या शेवेबरोबर. मी म्हटलं, "अहो, हा तर आमचा हुरडा!" सर म्हणाले, "ज्वारी तुमची की आमची, ते तापीला विचारा."

आणि मग त्यांनी मला सहज विचारलं, "बेन, तमारुं मूळ गाम कयुं?" मी म्हटलं, धरणगाव. ते चमकले. त्यांनी जे सांगितलं ते ऐकून माझ्या हातातला पोंक हातातच राहिला.

सुरत बंदरातून जो माल जायचा त्यातला मोठा वाटा खानदेशातून यायचा. तापीच्या काठाकाठाने बुऱ्हाणपूरपासून सुरतेपर्यंत तांड्यांची वाट होती. महाराजांचा तळ पडला तो बुऱ्हाणपूर दरवाजा म्हणजे खरं तर खानदेशाकडे उघडणारा दरवाजा. धरणगाव, चोपडा ही तेव्हा कापडाची नावाजलेली गावं. धरणगावचं कापड इतकं चालायचं की १६७४ मध्ये इंग्रजांनी धरणगावातच वखार काढली. आणि पुढच्याच वर्षी, १६७५ मध्ये, मराठ्यांनी धरणगाव लुटलं. १६७९ मध्ये पुन्हा. त्या वेळी चोपडाही.

म्हणजे मंडळी, आमचंच गाव! सासऱ्यांचं धरणगाव, जिथे बालकवींचा जन्म झाला म्हणून आम्ही मिरवतो, तेही त्याच यादीत, सुरतेच्या खाली. खानदेश तेव्हा मोगलांचा सुभा होता, म्हणून तोही शत्रूचा मुलूख. चौथीच्या वर्गात टाळ्या वाजवणाऱ्या आम्हा मुलींच्या खापरपणज्या कदाचित धान्य पुरून ठेवून पोरांसकट रानात पळाल्या असतील. हे कुणी शिकवलं नाही. शिवजयंतीला मी आजही आरती करते, करतच राहणार. लाल महाल, आग्रा, रायगड, हे आमचंच. पण सुरत आणि धरणगाव त्या वेळी एकाच बाजूला होते, हेही आता विसरता येणार नाही.

मी आमच्या ह्यांना हळूच म्हटलं, "ऐकलंत ना?" ते बराच वेळ पाण्याकडे बघत होते. मग म्हणाले, "नाना मागावर बसले तेव्हा त्यांना शिकवावं लागलं नव्हतं म्हणे. हात आधीच बसलेला होता." एवढंच बोलले. धरणगावला सासऱ्यांच्या घरी हातमाग होता, हे मला लग्नापासून माहीत होतं. तो सुरतेशी कधीपासून जोडलेला असू शकतो, हे मला डुमसच्या बांधावर कळलं.

डुमसपासून जवळच तापी समुद्राला मिळते. मध्य प्रदेशात मुलताईला उगम, भुसावळजवळून, आपल्या चांगदेवाजवळून, ७२४ किलोमीटर येऊन इथे संपते. आषाढ शुद्ध सप्तमीला आपण सुरतेत तिचा वाढदिवस करतो, साडी नेसवतो. १९०० च्या सुमारास तापी व्हॅली रेल्वे झाली ती याच नदीच्या खोऱ्याने. आधी तांडे आले, मग गाडीत बसून आपण आलो. आक्का वाकून पाण्याला हात लावून नमस्कार करत होत्या. खारट आहे हो, म्हटलं, तर म्हणाल्या की असू दे, मधे आपली तापी आहेच.

दांडीला थेट किनाऱ्याने जाता येत नाही. मिंढोळा, पूर्णा या नद्यांची मुखं आडवी येतात, म्हणून आत नवसारीला जाऊन परत समुद्राकडे वळावं लागतं. वाटेत सरांनी दुसरा हिशोब मांडला. गांधीजी १२ मार्च १९३० ला साबरमतीहून ७८ जणांना घेऊन निघाले. १ एप्रिलला सुरत. २ एप्रिलला दिंडोली. पुन्हा गाडीत गलका! दिंडोली म्हणजे आज आपल्या खानदेशी लोकांचं माहेरघर. तिथून वांझ, धामण आणि ३ तारखेला नवसारी. नवसारी तेव्हा इंग्रजांची नव्हती, बडोद्याच्या गायकवाडांची होती, थेट १९४९ पर्यंत. म्हणजे इंग्रजांचा कायदा मोडायला निघालेली यात्रा मधे एका मराठी राजाच्या मुलखातून गेली.

आणि त्या ७८ जणांत आपली माणसंही होती. साबरमतीच्या आश्रमात प्रार्थनेचं गायन ज्यांनी उभं केलं ते पंडित नारायण मोरेश्वर खरे, विष्णू दिगंबर पलुस्करांचे शिष्य. पहाटेची आणि संध्याकाळची प्रार्थना ते गायचे, वाटभर. आठच वर्षांनी, १९३८ मध्ये, हरिपुरा काँग्रेसच्या वेळी तिथेच ते वारले. हरिपुरा म्हणजे आपल्याच सुरत जिल्ह्यातलं, तापीकाठचं. काकासाहेब कालेलकर साताऱ्याचे, त्यांना तर गांधीजींनी 'सवाई गुजराती' म्हटलं. त्यांचा मुलगा बाळ त्या यात्रेत चालला. सरांनी हे सांगताना नातवाकडे बघितलं नाही, पण सांगितलं त्याच्यासाठीच.

दांडीला पोचलो तेव्हा साडेपाच होऊन गेले होते. २०१९ मध्ये झालेलं मिठाच्या सत्याग्रहाचं स्मारक पाहिलं. चालणाऱ्यांचे पुतळे आहेत, रांगेत. २४ दिवसांची २४ भित्तिशिल्पं आहेत. जवळच सैफी व्हिला, दाऊदी बोहरा समाजाच्या धर्मगुरूंचं तेव्हाचं घर, ५ एप्रिलच्या रात्री गांधीजी तिथे राहिले. ६ तारखेला सकाळी त्यांनी मीठ उचललं. पुढे जवळच्या कराडी गावातल्या झोपडीतून ५ मेच्या मध्यरात्री त्यांना पकडून नेलं ते आपल्या पुण्याच्या येरवड्याला. तिकडे मे महिन्यातच शिरोड्याच्या मिठागरावर कोकणातली माणसं लाठ्या खात होती, आणि इथून खाली धरासणाला २१ मेला सत्याग्रही हात न उचलता एकामागून एक पडत होते.

सूर्य बुडत होता, पाणी मागे जात होतं. मागे राहिलेल्या ओल्या वाळूवर कडेला पांढरी झाक दिसते, तेच मीठ. नातवाने बोटाने चाटून पाहिलं. मग त्याने विचारलं, "आजी, यावर टॅक्स होता?" मी म्हटलं, होता. म्हणाला, "मग हीपण लूटच." आमचे हे मोठ्याने हसले, दिवसभरात पहिल्यांदा. सर म्हणाले, "आता तू इतिहास शिकलास. लूट कुणाची, कुणाकडून, आणि भरणारा कोण, हे दर वेळी विचारायचं. आपला माणूस असला तरी विचारायचं."

परतीच्या वाटेवर आक्का झोपल्या. ओडिया मुलीने नातवाला तिचा जास्तीचा चप्पलजोड दिला होता, गुलाबी. तो घालून पोरगा सगळी सहल फिरला आणि एकदाही कुरकुरला नाही.

सोमवारी तो शाळेत गेला. मी मुद्दाम काही पढवलं नव्हतं. संध्याकाळी विचारलं, मित्राशी बोललास का? म्हणाला, "हो. त्याला सांगितलं, लुटलं होतं. पण आमचं धरणगावपण लुटलं होतं. आणि तुमचं कापड आमच्याकडून यायचं." मित्र काय म्हणाला? "तो म्हणाला, धरणगाव क्यां आव्युं? मग मी मॅपवर दाखवलं." एवढ्यावर मिटलं.

मोठ्यांचं इतक्या लवकर मिटत नाही, हे मला माहीत आहे. आमच्या घरात 'लूट' की 'स्वारी' यावर अजून एकमत नाही, आणि व्हायलाच हवं असंही नाही. पण आता आमचे हे "लूट नव्हे" म्हणून विषय बंद करत नाहीत. नानांची ती ट्रंक माळ्यावरून खाली काढली आहे. आत कापडाचे दोन जुने नमुने निघाले, धरणगावच्या मागावरचे असावेत असं हे म्हणतात. नातवाने ते वहीत चिकटवायला मागितले. दिले नाहीत, पण हात लावू दिला.

मंडळी, तुमच्यापैकी ज्यांची घरं धरणगाव, चोपडा, अमळनेर, नंदुरबार, शिरपूरकडची आहेत त्यांना विनंती. घरात कुणी म्हातारं माणूस असेल तर विचारा, सुरतेला पहिलं कोण आलं, कुठल्या वर्षी, आणि कशाच्या कामाला. इथे खाली लिहा. आपल्याबद्दल एकच वाक्य या शहरात पाठ आहे. बाकीची आपल्यालाच लिहावी लागतील.

आणि हो, सुवालीला गेलात तर भरतीची वेळ बघून जा. एक निळी चप्पल, डाव्या पायाची, सापडली तर आमची समजा.